अर्धा छापून झालेला देशद्रोही

तिसरा फर्मा मशीनवर चढला होता आणि मी दत्तोपंतांना सांगत होतो की मशीन थांबवा.

"का? खिळे निखळले? पान उलटं लागलं?"

"नाही."

"मग?"

"या गोष्टीतला माणूस खरा आहे."

दत्तोपंत आमच्या छापखान्याचे मालक. छापखाना अंबरनाथच्या बाजारात, एका वखारीच्या मागे. त्यांनी कानामागची पेन्सिल काढली, परत लावली आणि मला ताप आला आहे की काय अशा नजरेनं माझ्याकडे पाहिलं.

"म्हात्रे, तू प्रूफरीडर आहेस. ऱ्हस्व-दीर्घ बघ. माणसं खरी की खोटी ते लेखक बघेल."

त्यांचं बरोबर होतं. प्रूफरीडरनं मजकुराला हात लावायचा नसतो. छापलेला कच्चा कागद आणि लेखकाचं हस्ताक्षर शेजारी ठेवायचं, दोन्हींत फरक दिसला की समासात खूण करायची, इतकंच त्याचं काम. मी कॉलेजात इंटरला आहे आणि दुपारनंतर हे काम करतो. आमच्या घरात कॉलेजात जाणारा मी पहिलाच. कात्रपला आमची भातशेती आहे. वडिलांना हे काम समजावून सांगितलं तेव्हा ते म्हणाले होते, "दुसऱ्यांच्या चुका काढाच्या, ना त्याचा पगार मिलतं? मंग तुझी आज्जी ल्हानपनापास्नं फुकटच राबली."

तर मी चुका काढणारा. पण त्या दिवशी जी चूक मला दिसली होती तिला समासात खूण नव्हती.

आधी फर्मा म्हणजे काय ते सांगतो, नाहीतर पुढचं कळणार नाही. आमच्याकडे सोळा पानं एका कागदावर छापतात, त्याला फर्मा म्हणतात. मोठ्या छापखान्यांत पूर्ण पुस्तकाचे खिळे, म्हणजे शिशाची सुटी अक्षरं, एकदम जुळवून ठेवता येत असतील. आमच्याकडे तेवढे खिळेच नाहीत. म्हणून पहिला फर्मा जुळवायचा, छापायचा, खिळे सोडवून परत खणांत टाकायचे आणि त्याच खिळ्यांतून पुढचा जुळवायचा. त्यामुळे आमच्याकडे पुस्तकाची सुरुवात छापून होते तेव्हा कधी कधी शेवट लिहूनही झालेला नसतो. छापलेलं मागे घेता येत नाही. कागद संपलेला असतो आणि खिळे दुसऱ्या वाक्यांत जाऊन बसलेले असतात.

कादंबरी खारकरांची होती. ते दर महिन्याला एक हेरकथा लिहितात, टोपणनावानं. कल्याणपासून कर्जतपर्यंतच्या वाचनालयांत त्या भाड्यानं जातात आणि पानं सुटी होऊन परत येतात. त्यांच्या हेराला पिस्तूल फारसं लागत नाही. तो बाकावर बसतो आणि बघतो. एखाद्यानं पत्र वाचून पाकीट फाडलं पण पत्र खिशात ठेवलं, तर त्याला ते दिसतं. मला त्या कादंबऱ्या आवडतात. अभ्यासाच्या पुस्तकांपेक्षा जास्त आवडतात, हे आमच्या सरांना सांगण्यासारखं नाही.

या वेळच्या गोष्टीत एक निर्वासितांची छावणी होती आणि जवळ एक कारखाना. कारखान्याच्या बातम्या बाहेर जात होत्या. छावणीतल्या एका बराकीत रेडिओ दुरुस्त करणारा एक माणूस राहत होता. त्याच्या चष्म्याची एक काडी मोडलेली, तिथं दोरा बांधून कानाला अडकवलेला. रोज संध्याकाळी तो रेडिओला कान लावून सीमेपलीकडचं स्टेशन ऐकायचा. मग उठून दाराच्या चौकटीवर खडूनं एक रेघ मारायचा. कधी वर, कधी खाली. जुनी पुसायचा. दुसऱ्या फर्म्यात हेराला ही रेघ दिसते आणि तो ओळखतो की हा संकेत आहे.

वाचताना माझ्या अंगावर काटा आला होता. फर्मा तपासून मी सही केली आणि तो छापून झाला.

नंतर दत्तोपंतांनी मला उल्हासनगरच्या निर्वासित वस्तीत, पाच नंबर कॅम्पात पाठवलं, त्यांचा दुरुस्तीला टाकलेला रेडिओ आणायला. दुकान म्हणजे बराकीची पुढची खोली. आत एक सिंधी गृहस्थ वाकून बसले होते. त्यांच्या चष्म्याला दोरा होता. मी दाराकडे पाहिलं. चौकटीवर, माझ्या गुडघ्याच्या जरा वर, खडूची रेघ होती.

मी रेडिओ उचलला आणि 'बसा'ही म्हणू न देता निघालो. वाटेत मला त्यांची भीती वाटत होती. छापखान्यात पोचेपर्यंत त्यांच्यासाठी भीती वाटायला लागली होती.

त्यांचं नाव टहलराम. आजूबाजूचे त्यांना दादा म्हणतात. त्यांचं निम्मं काम अंबरनाथच्या दारूगोळा कारखान्याच्या क्वार्टर्समधून येतं. साहेबांच्या घरी रेडिओ तपासायला जाता यावं म्हणून फाटकावर त्यांना पास मिळालेला आहे. पुस्तक आमच्या भागात सगळे वाचणार. चष्म्याचा दोरा सगळ्यांनी पाहिलेला. पास जायला आणखी काय लागतं?

हे सगळं मी दुसऱ्या दिवशी दत्तोपंतांना मशीनच्या आवाजात ओरडून सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं. ते वाईट नाहीत.

"कव्हर मुंबईहून छापून आलंय," ते म्हणाले. "दोन फर्मे झाले, तिसरा होतोय. आता मी काय करू? कागद चावून खाऊ? ज्यानं लिहिलंय त्याच्याकडे जा. नाहीतरी शेवटची कॉपी अजून त्यानं दिलेली नाही."

छापखान्यात लेखकाच्या हस्तलिखिताला कॉपी म्हणतात. मी निघालो.

खारकर शिवमंदिराकडे राहतात. श्रावणातला सोमवार होता, बेलाच्या टोपल्या घेऊन बायका रस्त्यात बसल्या होत्या. खारकर ओट्यावर लिहीत होते. माझं ऐकून त्यांचा चेहरा उजळला.

"ओळखलास? एका नजरेत? म्हणजे वर्णन जमलं!"

"जमलंय," मी म्हणालो. "म्हणूनच आलो."

मला मोठ्या माणसांशी बोलताना शब्द सापडत नाहीत. पण पासचं सांगितलं. त्यांनी लेखणी खाली ठेवली.

"आणि तो खरंच तसा असेल तर?" त्यांनी विचारलं. "मी त्याच्या बाकावर रेडिओसाठी तीन-चारदा बसलोय. रेघ प्रत्येक वेळी वेगळ्या उंचीवर. कराची स्टेशन. याचा साधा अर्थ तू लावून दाखव."

मी विचारलं, "तुम्ही त्यांना विचारलं नाही?"

खारकरांनी लेखणी उचलून तिचं टोक पुसलं. आतून त्यांच्या पत्नीनं चहा आणून ठेवला, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "ते कुणाला काही विचारत नाहीत. भाजी कशी झाली ते आमच्या चेहऱ्यावरून ओळखतात."

मग खारकरांनी जे सांगितलं ते मला आधी ठाऊक नव्हतं. दुसऱ्या महायुद्धाच्या वर्षांत, आज जिथं उल्हासनगर आहे तिथं लष्कराची छावणी होती. त्या छावणीत शिपायांची पत्रं तपासायचं ऑफिस होतं आणि खारकर तिथं मराठी पत्रं वाचायला होते. गावाचं नाव, बोटीचं नाव, पलटणीचा आकडा आला की ब्लेडनं तेवढाच तुकडा कापायचा. आणि पत्रात काही चमत्कारिक दिसलं की एक टिपण करून वर पाठवायचं.

"चमत्कारिक म्हणजे?"

"एकानं बायकोला लिहिलं होतं, पिंपळाखालच्या गाईला सांग की मी आठवण काढतो. प्रत्येक पत्रात तेच. मी टिपण पाठवलं."

"मग?"

"मग काय? टिपण वर गेलं. पुढं काय झालं ते आम्हाला कळवत नसत. तो कोण, त्याची गाय खरी होती का, त्याला कुणी काही केलं का, काही नाही. ज्याचं पत्र त्याला भेटायचं नाही, असा कडक नियम होता. विचारायचं ते कागदाला." त्यांनी चहाची बशी फिरवली. "माझ्या कादंबऱ्यांत प्रत्येकाचा शेवट होतो, बघितलंस ना? हा दोषी, तो निर्दोष, सगळं शेवटच्या पानावर. तेवढ्यासाठी लिहितो मी. ऑफिसात एकाचाही शेवट पाहायला मिळाला नाही."

मी म्हणालो, "टहलराम पाच नंबरला आहेत. संध्याकाळपर्यंत दुकान उघडं असतं."

त्यांनी बशी खाली ठेवली. मग सदरा घालायला आत गेले.

टहलराम एका रेडिओत डोकं घालून बसले होते. "आओ साईं, बैठो," ते म्हणाले. मला ओळखून म्हणाले, "ये लडका कल भाग गया. मैंने बोला चाय, तो ये रेडिओ ले के ऐसा भागा, जैसे चोरी का माल है!"

खारकर बाकावर बसले. ते चौकटीकडे बघत राहिले. रेघ कालच्यापेक्षा खाली आली होती. दरवेळी असंच बसून ते निघून जात असणार. शेवटी मीच विचारलं, "दादा, ही रेघ कसली?"

"ये?" त्यांनी चष्मा वर केला. "ये दरिया है."

खारकरांनी परत चौकटीकडे पाहिलं.

"हमारा दरिया. सिंधू. सक्कर के पास घर था, एकदम किनारे पे. बारिश के टाइम पानी चढता था. तो मेरा बाप चौखट पे निशान लगाता. इथपर्यंत आलं," त्यांनी मराठीत सांगायला घेतलं आणि गुडघ्याला हात लावला, "तो अनाज वर माळ्यावर. इथपर्यंत आलं, तो गाय-भैंस वर, टेकडीवर. अभी रेडिओ पे शाम को बोलते हैं, कुठे पाणी किती. मैं इधर निशान लगाता हूं. उस घर में आज कितना होगा, वो."

"तिथं आता कोण राहतं?" मी विचारलं.

"होगा कोई. इधर से गया हुआ होगा बेचारा, यू.पी.वाला, दिल्लीवाला. उसको क्या मालूम पानी कहां से घुसता है? पीछे के दरवाजे से पहले घुसता है. आगे नहीं. ये बात उसको किसने बोली होगी?" त्यांनी चष्म्याचा दोरा कानामागे सारला. "बाप के निशान पे तो उन लोगों ने रंग मार दिया होगा."

खारकर अचानक म्हणाले, "आज उतरलंय?"

मी त्यांच्याकडे पाहिलं. दुकानात आल्यापासून ते पहिल्यांदाच बोलले होते.

"परसों से उतर रहा है," टहलराम खूश होऊन म्हणाले. "इस साल बच गया वो."

मग खारकरांनी सांगून टाकलं. आडपडदा न ठेवता, मान खाली घालून. आपण गोष्टी लिहितो, या गोष्टीत एक रेडिओवाला आहे, आणि तो देशाशी बेइमान आहे.

टहलरामांनी हातातला पेचकस खाली ठेवला.

"मेरा नाम लिखा है?"

"नाही."

"चष्म्याचा दोरा?"

"लिहिलाय."

"ये चौखट?"

"तीही."

"तो फिर नाम का काम ही क्या रह गया, साईं?" ते हसले, पण आवाज बारीक झाला होता. "क्वार्टर में मेरा पास है. दो मिनिट में जाएगा वो पास. हम लोग को इधर सब पहले से ऐसाच देखते हैं. छप गया?"

"अर्धं छापलं," मी म्हणालो. "पुढचं बाकी आहे."

"तो पुढे उसको अच्छा बना दो ना!"

"पण रेघांचं काय? त्या छापून गेल्यात," खारकर म्हणाले. "वाचकाला त्यांचा अर्थ द्यावा लागेल."

टहलरामांनी त्यांच्याकडे असं पाहिलं की हा माणूस शिकलेला दिसतो आणि याला एवढंही कळत नाही.

"जो मैंने अभी बोला, वो क्या कम है?"

खारकरांनी परत येऊन ओट्यावर लिहायला घेतलं. पुढचे दिवस मी कॉलेजातून सुटलो की त्यांच्याकडे जायचो, झालेली पानं घेऊन छापखान्यात यायचो. अडचण अशी होती की रेडिओवाला सुटला तर बातम्या बाहेर नेणारा दुसरा कुणी हवा. आणि तो पहिल्या तीन फर्म्यांत आलेलाच हवा, कारण चौथ्या फर्म्यात नवा माणूस आणून त्याला पकडलं तर वाचक पुस्तक फेकून मारतात. खारकरांनी पहिल्या फर्म्यातला गोड बोलणारा हेडक्लार्क निवडला, जो हेराला सारखा चहा पाजतो.

इथं मी माझं काम केलं. छापलेले फर्मे पुन्हा वाचले आणि सांगितलं, "जमणार नाही. ज्या दिवशी कारखान्यातला कागद चोरीला गेला त्या दिवशी हेडक्लार्क रजेवर गावी गेला होता. हे छापून झालंय."

खारकर डोकं धरून बसले. मग हळूच म्हणाले, "रजेवर गावी गेला होता असं कोण सांगतं?"

मी पान पाहिलं. "तोच सांगतो."

"त्याच्या गावी जाऊन कुणी विचारलंय?"

"नाही."

"मग झालं." आणि ते भराभर लिहायला लागले. त्यांचा हेर इतक्या वर्षांत पहिल्यांदा बाकावरून उठला आणि कुणालातरी काहीतरी विचारायला गेला.

दत्तोपंतांनी शेवटची कॉपी उभ्यानं वाचली.

"माझा देशद्रोही कुठं गेला?"

"हेडक्लार्क आहे ना," मी म्हणालो.

"हेडक्लार्क! त्याला बघून कोण घाबरेल? आणि ही नदी कसली? वाचक पिस्तूल मागतो, हा माणूस पान दीड पान नदी देतो! कव्हरवर पिस्तूल आहे, म्हात्रे. रंगीत आहे. आत एकदाही उडालेलं नाही. लोक मला विचारतील."

"मग कॉपी परत नेऊ?" मी विचारलं. "तसं केलं तर छापलेले तिन्ही फर्मे..."

त्यांनी हात वर करून मला थांबवलं. छापलेल्या कागदाच्या थप्पीकडे पाहिलं. "त्यांना सांग, पिस्तूल एकदा झाडा. कुठंही झाडा. माझं एवढंच म्हणणं आहे."

खारकरांनी ते ऐकलं. पकडला जाताना हेडक्लार्क पिस्तूल झाडतो आणि गोळी पाण्याच्या माठाला लागते.

पुस्तक वेळेवर निघालं. मी धास्तावलेलाच होतो, आणि ते फुकट गेलं नाही. क्वार्टर्समधल्या एका साहेबांनी पुस्तक अर्धं वाचल्यावर दुरुस्तीला दिलेला रेडिओ तसाच मोडका परत मागवला. पुढच्या आठवड्यात तोच रेडिओ परत आला, सोबत आंब्याच्या लोणच्याची बरणी. पुस्तक वाचून संपलं असावं. पास गेला नाही. टहलरामांना मराठी वाचता येत नाही, म्हणून मी बाकावर बसून त्यांना शेवटचे फर्मे वाचून दाखवले. नदीचं पान आलं तेव्हा त्यांनी मला थांबवून मागच्या दारावरून वाद घातला. खारकरांनी पायऱ्या चुकीच्या बाजूला लिहिल्या होत्या. मी समासात खूण करून ठेवली आहे, पुन्हा छापायची वेळ आली तर.

नुकसान झालं ते दत्तोपंतांचं. पुढच्या महिन्याची कादंबरी अजून आलेली नाही. खारकरांना आता विचारायची सवय लागली आहे. या वेळी त्यांनी एका दूधवाल्यावर संशय धरला होता. तो एका विशिष्ट घराकडे रोज दोनदा जायचा. खारकर त्याला जाऊन भेटले. त्या घरात त्याची आजारी बहीण होती. मग बदलापूरला एक ज्योतिषी धरला, त्यालाही भेटले. आता ते त्याच्याकडे पत्रिका घेऊन जातात.

"भेटलं की गुन्हेगार उरतच नाही रे," ते मला परवा म्हणाले. ते खूश होते की अडचणीत होते ते मला समजलं नाही.

दत्तोपंतांना समजलं आहे. त्यांनी मला मशीनजवळ बोलावून सांगितलं, "म्हात्रे, माझा चांगला चालता लेखक तू बिघडवलास. यापुढे प्रूफं वाच. माणसं बघायला जाऊ नकोस."

मी बरं म्हणालो. सध्या खारकरांची कॉपी येईपर्यंत मी लग्नपत्रिकांची प्रूफं तपासतो. त्यांत नावं खरी असतात आणि ती बरोबर आहेत का, हे वधूपक्षाला जाऊन विचारावंच लागतं.